आमच्या माळ्यावरचा व्यावसायिक

आमचा नवरा वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी व्यावसायिक खेळाडू झाला. ही बातमी त्याने मला रविवारी दुपारी, चिखलाचे बूट दारात काढायचे विसरून, थेट स्वयंपाकघरात येऊन दिली.

“आपण प्रोफेशनल झालो,” तो म्हणाला.

“म्हणजे तुला पगार मिळणार?”

“मला नाही गं.”

“मग?”

“वर्गणी थोडी वाढलीय.”

मी पोळी लाटत होते. लाटणं खाली ठेवलं, कारण हातात राहिलं असतं तर काय झालं असतं सांगता येत नाही.

आम्ही दोघं आइंडहोवनच्या बाजूला, चिप बनवणाऱ्या यंत्रांच्या धंद्यात नोकरी करतो आणि बेस्टमध्ये राहतो. गावाचं नाव बेस्ट आहे, त्यात आमचा काही हात नाही. इथे आल्यापासून नवऱ्याला दर दोन वर्षांनी एक नवा नाद लागतो. आधी त्याने टेलिस्कोप आणला. नेदरलँड्सच्या आकाशाला टेलिस्कोप लावणं म्हणजे दुधाच्या पातेल्यात भिंग धरून बसणं. मग पावाचं आंबवण आलं, आणि फ्रिजमध्ये आम्हा सगळ्यांपेक्षा त्याचीच जास्त काळजी घेतली जाऊ लागली. त्यानंतर अमेरिकन फुटबॉल. मुलीला हॉकीला सोडायला गेला असताना शेजारच्या मैदानावर त्याने हेल्मेट घातलेली माणसं एकमेकांवर आदळताना पाहिली आणि तिथेच उभा राहिला. मुलीची हॉकी संपली, ती स्वतः सायकल चालवत घरी आली. हा अंधार पडायच्या जरा आधी उगवला.

हा खेळ ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. नाव फुटबॉल, पण पायाचा वापर क्वचित. चेंडू लहान पपईच्या आकाराचा. एका बाजूने तो हातात घेऊन पुढे पळायचं किंवा पुढे फेकायचा, दुसऱ्या बाजूने पळणाऱ्याला आडवा करायचा. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे गेलात तर आणखी चार प्रयत्न मिळतात, नाही गेलात तर चेंडू समोरच्यांना. दर प्रयत्न काही सेकंदांचा. मग सगळे उठतात, गोल करून कुजबुजतात आणि पुन्हा पडायला सज्ज होतात. आमच्या ऑफिसातल्या मीटिंगा साधारण अशाच चालतात, फक्त तिथे हेल्मेट देत नाहीत.

पुण्यात कॉलेजात असताना नवरा कबड्डी खेळायचा, डावा कोपरारक्षक. हे त्याने इथल्या कोचला सांगितलं. कोच दिवसा लोकांच्या घरचे बॉयलर दुरुस्त करतो. त्याला कबड्डी कळली नाही, पण ‘कॉर्नर’ एवढा शब्द कळला. या खेळातही कॉर्नर नावाची जागा असते, तिथे वाऱ्यासारखी पळणारी पोरं उभी करतात. कोचने आमच्या गुडघेदुखीवाल्याला तिथे उभं केलं. पहिलं वर्ष तो मैदानापेक्षा बाकावर जास्त होता, आणि त्याबद्दल मी बाकाची ऋणी आहे.

तर आता संघ व्यावसायिक झाला होता. झालं असं, की फरशा विकणाऱ्या एका स्थानिक दुकानदाराने संघाच्या पाठीशी उभं राहायचं ठरवलं होतं. त्या भरवशावर अमेरिकेहून एक क्वार्टरबॅक येणार होता. क्वार्टरबॅक म्हणजे चेंडू फेकणारा, संघाचा मेंदू. त्याला पगार. बाकीच्यांना पाठीवर फरशीचं चित्र असलेली जाकिटं. सबंध संघात व्यावसायिक माणूस एकच, पण तेवढ्यावर बाकीचे सगळे प्राथमिक शिक्षक, ट्रकचालक आणि आमचे हे, रुबाबात चालायला लागले.

“एक छोटीशी गोष्ट राहिली,” नवरा म्हणाला. “त्याच्या राहण्याची सोय.”

मी त्याच्याकडे पाहिलं. तो छताकडे पाहत होता. छताच्या वर आमचा माळा आहे.

“विचारून सांगतो म्हणालास ना त्यांना?”

“हो.”

“खरं सांग.”

“जवळजवळ हो म्हणालो.”

मार्चमध्ये अमेरिकन आला. वय चोवीस, दाराच्या चौकटीत उभा राहिला की हॉलमध्ये उजेड कमी व्हायचा. इथल्या घरांचे जिने शिडीसारखे उभे असतात. पहिल्याच चढणीत त्याने तुळईवर डोकं आपटलं आणि “सॉरी, मॅम” म्हणाला. तुळईला की मला, ते कळलं नाही. मला आजवर कुणी मॅम म्हटलं नव्हतं. ऑफिसात सगळे नावाने हाक मारतात, घरात मुलगी “मॅम” ऐवजी डचमधून “मामऽ” असा कंटाळलेला सूर लावते. मी ठरवून ठेवलेली थंड वागणूक तिथेच थोडी पातळ झाली.

व्यावसायिक खेळाडूच्या जेवणाची व्यवस्था क्लबने चोख केली होती. मैदानाजवळच्या फ्रितच्या दुकानात, म्हणजे जिथे बटाट्याच्या तळलेल्या काड्या मिळतात तिथे, त्याला रोज फुकट खायला मिळणार होतं. पहिला आठवडा त्याने निमूटपणे बटाटे खाल्ले. दुसऱ्या आठवड्यात मी ऑफिसातून आले तर तो स्वयंपाकघराच्या दाराशी उभा राहून फोडणीचा वास घेत होता. अगदी सभ्यपणे, हात मागे बांधून, देवळाबाहेर उभं राहावं तसा.

“जेवणार का?” मी विचारलं.

“त्रास नसेल तर, मॅम.”

त्रास होता. कुकर दोनदा लावावा लागला. त्या दिवसापासून आमच्या घरी डाळ-तांदूळ किलोने नव्हे, तर पोत्याने यायला लागले. फरशीवाल्याने संघ पोसला असं क्लबच्या भाषणात वारंवार म्हटलं गेलं. मी ते भाषण थालीपिठं थापत ऐकलं.

पहिला सामना आमच्याच मैदानावर होता. प्रेक्षक म्हणजे खेळाडूंच्या बायका, मैत्रिणी, काही कुत्री, आणि फुकट वाटाण्याच्या सुपासाठी आलेले दोन वृद्ध, जे हा रग्बी आहे असं शेवटपर्यंत समजत होते. सामना वेळेवर सुरू होईना. नियमाप्रमाणे मैदानावर वैद्यकीय माणूस हजर लागतो आणि फिजिओ वाहतुकीत अडकली होती. कोच माझ्याकडे आशेने बघत आला.

“तू भारतीय आहेस ना? डॉक्टर आहेस?”

“नाही. मी यंत्रांची मोजमापं तपासते.”

त्याचा चेहरा पडला, मग उजळला. “मोजमापं? मग तू साखळी धर!”

अशी मी या खेळात पडले. दहा यार्ड मोजायला इथे दोन काठ्या आणि मधे एक साखळी असते. एक काठी मी धरायची, दुसरी एका खेळाडूच्या सासऱ्याने. अंगावर भगवं जाकीट. आठवडाभर मी केसाच्या जाडीला जाड म्हणणाऱ्या जगात काम करते. रविवारी मात्र पंच वीस माणसांच्या ढिगाऱ्याखालून चेंडू उपसणार, “साधारण इथे असेल” म्हणून गवतावर ठेवणार, आणि मग तो अंदाज किती अचूक आहे हे पाहायला गंभीर चेहऱ्याने आमची साखळी मागवणार. मी पंचाला एकदा विचारलंही, की मुळात चेंडू नजरेने ठेवला तर साखळीने काय सिद्ध होतं? तो म्हणाला, “लोक शांत होतात.” याहून प्रामाणिक उत्तर मला आमच्या धंद्यातही मिळालेलं नाही.

तो सामना आम्ही हरलो. हरलो म्हणणं सौम्य आहे. अमेरिकन सुरेख फेकायचा, चेंडू गिरकी घेत पन्नास पावलं पार जायचा आणि तिथे आपला प्राथमिक शिक्षक पोचलेलाच नसायचा. दुसराही सामना हरलो. फरशीवाला कुंपणाशी उभा असायचा, आणि दर आठवड्याला त्याची उभं राहायची जागा पार्किंगच्या आणखी जवळ सरकायची.

तिसरा सामना मास्ट्रिख्टला होता, विद्यार्थ्यांच्या संघाशी. पोरं वीस-बावीसची, ताजी, नुकतीच झोपेतून उठलेली. यजमानांच्या मैदानावर साखळी त्यांचीच, म्हणून मी त्या दिवशी नुसती कडेला उभी होते. आमच्या कॉर्नरचा तरुण खेळाडू लंगडत बाहेर आला आणि कोचने नाइलाजाने नवऱ्याकडे बोट केलं. नवरा मैदानात उतरला. मी मनातल्या मनात विम्याचे कागद कुठे ठेवलेत ते आठवायला लागले.

त्यांचा सगळ्यात वेगवान पोरगा चेंडू घेऊन आमच्या बाजूने सुटला. पुढे मोकळं मैदान आणि एकटा आमचा हा. खांद्याने धडक देऊन पाडायचं, असं इथे शिकवतात. नवऱ्याने धडक वगैरे काही दिली नाही. त्याने एक पाय पुढे घेतला, जरा वाकला, आणि त्याच्या नजरेत ते जुने लबाड भाव आले, जे मी लग्नाआधी एकदाच कॉलेजच्या मैदानावर पाहिले होते. पोरगा जवळून निसटतोय असं वाटलं तेवढ्यात हा सरपटत गेला आणि त्याचा घोटा दोन्ही हातांनी धरला. घोट्याची पकड! पोरगा ओंडक्यासारखा आडवा झाला. चेंडू हातातून सुटला, गवतावर उड्या मारत गेला आणि आमच्या ट्रकचालकाने त्यावर अंग टाकलं.

मैदानावर क्षणभर कुणालाच कळेना, हे कायदेशीर आहे का. पंच एकमेकांशी बोलले. चेंडू हातात असलेल्याचा घोटा धरायला बंदी नाही, असं ठरलं. अमेरिकन बाकावरून उडी मारून उठला, “ते काय होतं? ते काय होतं, यार?” असं ओरडत माझ्याकडे आला.

“पकड,” मी म्हणाले.

“पाकाड!”

तिथून पुढे सबंध संघ “पाकाड” ओरडायला लागला. नवऱ्याने त्या सामन्यात आणखी दोघांना तसंच पाडलं. आम्ही जिंकलो. परतीच्या वाटेवर त्याला गाडीतून उतरताना दोघांनी धरावं लागलं, पण ते मी कुणाला सांगितलं नाही. खरं म्हणजे मी कडेला उभी राहून मराठीत इतकी ओरडले होते, की माझा घसाही सोमवारी ऑफिसात बसला होता. सहकाऱ्यांना मी सर्दी झाल्याचं सांगितलं.

त्यानंतर हंगाम बदलला. आम्ही सलग जिंकू लागलो असं लिहायला मला आवडलं असतं. कधी जिंकलो, कधी हरलो, पण हरताना लाज वाटेनाशी झाली. मंगळवारच्या सरावात नवरा डच माणसांना कबड्डीच्या पकडी शिकवू लागला. सहा फुटांच्या वरची माणसं गवतावर ओणवी होऊन एकमेकांच्या घोट्यांवर झेपा घेतायत, हे दृश्य कुत्री फिरवणारे लोक थांबून बघायचे.

आणि नेमकं तेव्हाच फरशीवाल्याने हात काढून घेतला. धंदा मंद आहे, असं त्याने कोचला कळवलं. कोच आमच्या घरी आला, सोफ्याच्या टोकावर बसला, मी दिलेला चहा न पिता ढवळत राहिला.

“यापुढे आम्ही तुला पगार देऊ शकत नाही,” त्याने अमेरिकनला सांगितलं. “परतीचं तिकीट आहे. उद्या गेलास तरी कुणी काही म्हणणार नाही.”

अमेरिकनने मान हलवली. “विचार करून सांगतो, सर.”

कोच गेल्यावर तो स्वयंपाकघरात आला. मी कणीक मळत होते. तो ओट्याला टेकून उभा राहिला, म्हणजे ओटा थोडा सरकला.

“मॅम, एक सांगू? मला हा खेळ आता आवडत नाही.”

माझे हात थांबले. “कधीपासून?”

“कॉलेजच्या शेवटच्या वर्षापासून. मोठ्या संघांनी कुणी बोलावलं नाही. मी सुटलो असं मला वाटलं. पण आमच्या गावात मी म्हणजे चेंडू फेकणारा. किराणा दुकानात, चर्चमध्ये, सगळीकडे तेच विचारतात, आता पुढे कुठे खेळणार? मग हे पत्र आलं. व्यावसायिक, युरोपात. नाही म्हणता येईना.”

“मग जा की परत. सुटशील.”

“परत गेलो तर काय सांगू? फरशीवाल्याने काढलं?”

यावर मला चटकन उपहासाचं काहीतरी सुचायला हवं होतं. त्यात माझा हात कुणी धरत नाही. पण तो पोळपाटाकडे बघत होता आणि त्याच्या मानेवर हेल्मेटच्या पट्ट्याचा लाल वळ होता, आणि मला एवढंच सुचलं, “पोळ्या शेकशील का? म्हणजे माझं पटकन होईल.”

त्याने शेकल्या. पहिल्या चार करपल्या. त्याने त्याच खाल्ल्या. जेवताना त्याने नवऱ्याला सांगितलं, की तो हंगाम संपेपर्यंत थांबतोय. पगार नाही, पण जेवण चांगलं आहे. म्हणजे आता आमचा व्यावसायिक संघ, एकही व्यावसायिक नसलेला व्यावसायिक संघ झाला. जाकिटं मात्र कुणी परत केली नाहीत.

शेवटचा सामना घरच्या मैदानावर, द हेगच्या संघाशी. जिंकलो तर वरच्या गटात चढणार होतो. ते लोक स्वतःच्या बसने आले. त्यांच्याकडे दोन फिजिओ, एक ढोलवाला आणि इस्त्री केलेले गणवेश होते. आमच्याकडे सूप होतं. त्या दिवशी मात्र कुंपणाभोवती जागा नव्हती. सरावाच्या वेळी थांबून बघणारे कुत्रेवाले लोक, मुलीच्या हॉकीतल्या मैत्रिणी, आइंडहोवनची निम्मी मराठी मंडळी. एकीने तर पुरणपोळीचा डबाही आणला होता. नवऱ्याने दोन पकडी घेतल्या आणि तिसऱ्यात त्याचं बोट कुणाच्या तरी बुटाखाली गेलं. फिजिओने दोन बोटं एकत्र बांधली आणि तो परत उभा राहिला. मी माझ्या काठीपाशीच होते. पंच जवळ असताना साखळीवाल्यांनी कुणाची बाजू घ्यायची नसते, म्हणून मी तोंड मिटून उभी होते. माझ्या आयुष्यातला तो सर्वांत कठीण मौनाचा दिवस.

शेवटची काही मिनिटं. आम्ही थोडक्याने मागे. चौथा प्रयत्न, थोडंच अंतर हवं होतं. सगळे धरून चालले होते, की अमेरिकन फेकणार. त्याने फेकला नाही. चेंडू पोटाशी धरला आणि स्वतः त्या गर्दीत घुसला. ढिगारा पडला. शिट्टी वाजली. पंचाने चेंडू उपसून गवतावर ठेवला, डोळे बारीक केले आणि आमच्याकडे हात केला. साखळी!

आम्ही मैदानात गेलो. सासऱ्यांनी मागची काठी रोवली. मी पुढची घेऊन साखळी ताणायला लागले. दोन्ही संघ भोवती वाकले. आणि मला दिसलं, की मधे एका जागी साखळीची कडी पिळून दुसरीवर चढली आहे. चिखल भरला होता, सहज लक्षात येण्यासारखं नव्हतं. पिळलेल्या साखळीने माझी काठी चेंडूच्या टोकाशी अगदी टेकत होती. म्हणजे आम्हाला अंतर मिळालं होतं. पंच खाली वाकतच होता. नवरा माझ्या समोर, हेल्मेटच्या जाळीतून माझ्याकडे बघत. त्यालाही ती कडी दिसली होती. वीस वर्षांच्या संसारात त्याने माझ्याकडे इतक्या आर्जवाने कधी बघितल्याचं मला आठवत नाही, टेलिस्कोपच्या वेळीसुद्धा.

मी वाकून बोटाने ती कडी सोडवली. साखळी सरळ झाली. माझी काठी अंगठाभर पुढे गेली. चेंडू मागे राहिला.

पंचाने हात दुसऱ्या बाजूला केला, म्हणजे चेंडू त्यांचा. द हेगवाल्यांच्या ढोलवाल्याने मैदान डोक्यावर घेतलं.

उरलेला वेळ त्यांनी घालवला आणि सामना संपला. आमची माणसं गवतावर बसून राहिली. ट्रकचालक उघड रडत होता. मी काठी कुंपणाला टेकवली, जाकीट काढून घडी केली. पुरणपोळीवाली मैत्रीण जवळ येऊन हळूच म्हणाली, “अगं, राहू द्यायचीस ना तशीच! कुणाला कळणार होतं?”

“मला,” मी म्हणाले, आणि हे इतकं सोवळं वाक्य माझ्याच तोंडून आल्याचा मला राग आला.

घरी जाताना गाडीत नवरा बांधलेली बोटं वर धरून, ट्रॅफिक पोलिसासारखा बसला होता. मी गाडी चालवत होते. मागच्या सीटवर मुलीच्या शेजारी गुडघे हनुवटीला लावून बसलेला अमेरिकन म्हणाला, “मी कमी पडलो होतो. पडतानाच कळलं होतं मला.”

“पण साखळी—” नवरा म्हणाला.

“साखळी बरोबर होती.” मग तो हसायला लागला. आधी थोडा, मग पोट धरून. सबंध गाडी हलायला लागली. मुलीलाही हसू फुटलं. नवरा त्यांच्याकडे रागाने वळून बघत राहिला, आणि मग त्याचंही तोंड वाकडं झालं. सिग्नलला शेजारच्या गाडीतल्या बाईंनी आम्हाला जिंकल्याबद्दल अंगठा दाखवला.

दुसऱ्या दिवशी हाउसआर्ट्सकडे, म्हणजे इथल्या फॅमिली डॉक्टरकडे गेलो. त्याने बोट पाहिलं, पॅरासिटामॉल घ्यायला सांगितलं आणि वयाला शोभेल असा एखादा खेळ सुचवला, पोहणं वगैरे. नवऱ्याने ते गंभीरपणे ऐकून घेतलं आणि बाहेर आल्यावर मला म्हणाला, “त्याला खेळातलं काही कळत नाही.”

साखळीबद्दल आम्ही घरात एकदाच बोललो. तो भांडी पुसत होता, एका हाताने. म्हणाला, “मी असतो तर सोडवली नसती.” मी म्हणाले, “माहितीय.” त्याने आणखी एक ताट पुसलं. “बरं झालं, काठी तुझ्याकडे होती,” तो म्हणाला. पण ते कौतुक होतं की तक्रार, हे मी विचारलं नाही.

जुलैत अमेरिकन गेला. शिफोल विमानतळावर आम्ही तिघंही सोडायला गेलो. त्याच्या बॅगेत माझा जुना लोखंडी तवा होता आणि हातात मुलीने दिलेली ऑरेंज टोपी. गावात काय सांगणार, असं मी त्याला विचारलं.

“सांगीन, की एक हंगाम खेळलो. बस झालं.”

एवढं बोलून तो सुरक्षा तपासणीच्या रांगेत शिरला. तवा बघून तिथल्या माणसांनी त्याला बाजूला घेतलं. तो त्यांना दोन्ही हातांनी पोळी कशी फुगते ते समजावताना आम्हाला लांबून दिसला.

क्लबच्या वार्षिक सभेत व्यावसायिकपणा एकमताने रद्द झाला. वर्गणी मात्र तेवढीच राहिली. वर्गणी एकदा वर गेली की खाली येत नाही, हा नियम दोन्ही देशांत सारखा आहे.

परवा अमेरिकनचा फोटो आला. काकांच्या छपरं घालायच्या धंद्यात आहे, चेंडू कपाटात आहे, रविवारी तळ्यावर जातो. फोटोत तो होडीत उभा आहे, हातात हा एवढा मोठा मासा. नवऱ्याने फोन डोळ्यांजवळ नेऊन कितीतरी वेळ पाहिला.

“खूश दिसतोय,” तो म्हणाला.

“कोण, मासा?” मी विचारलं.